कोळी कोअर: राघोजी भांगरेंच्या भावाने इंग्रजांच्या पलटणीत अधिकारीपद का घेतलं?

२ मे १८४८ रोजी राघोजी भांगरे यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. त्यानंतर दहा वर्षंही झाली नव्हती, तोच इंग्रज सरकारने राघोजींच्याच डोंगरातल्या महादेव कोळ्यांची एक पायदळ पलटण उभी केली. तिच्या अधिकाऱ्यांमध्ये राघोजींचा एक भाऊ होता. आणि ही पलटण उभी राहिली होती दुसऱ्या एका आदिवासी बंडाविरुद्ध, भागोजी नाईक यांच्या भिल्लांच्या उठावाविरुद्ध.

अहमदनगर, म्हणजे आजच्या अहिल्यानगर जिल्ह्याच्या इतिहासातला हा भाग सहसा सांगितला जात नाही. कारण 'क्रांतिकारक' आणि 'फितूर' या दोन खणांत तो बसत नाही.

थोडक्यात

- नाव: अहमदनगर कोळी कोअर ('कोअर' म्हणजे इथे खास कामासाठी उभी केलेली पलटण)
- उभारणी: १८५७ ची अखेर
- भरती: मुख्यतः जुन्नर, अकोले आणि नाशिकच्या डोंगराळ भागातून
- संख्या: सुरुवातीला १००, नंतर वाढत ६००
- उभारणारा अधिकारी: कॅप्टन नटॉल
- देशी प्रमुख: जावजी नाईक बांबळे
- विसर्जन: मार्च १८६१

इथले 'कोळी' म्हणजे कोण?

कोळी म्हटलं की मुंबईचा समुद्र, होड्या आणि मासळी डोळ्यांसमोर येते. इथे विषय वेगळ्या समाजाचा आहे. महादेव कोळी हा सह्याद्रीच्या डोंगरातला आदिवासी समाज. अकोले, जुन्नर, आंबेगाव, इगतपुरी, त्र्यंबकेश्वर, जव्हार, मोखाडा हा त्यांचा मुलूख. जव्हारचे मुकणे राजे याच समाजातले. महाराष्ट्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत आज 'कोळी महादेव' असा त्यांचा उल्लेख आहे.

कळसूबाई, रतनगड, हरिश्चंद्रगड, अलंग, कुलंग ही नावं ट्रेकिंगला जाणाऱ्यांना पाठ असतात. मराठेशाहीत या भागातल्या किल्ल्यांवर पहारा देणं, घाटवाटा राखणं, परिसरात चोऱ्या होऊ न देणं ही कामं इथल्या कोळी घराण्यांकडे होती. त्याबद्दल जमिनी आणि ठरलेले हक्क मिळत. समाज कुळांमध्ये विभागलेला होता आणि कुळाचा प्रमुख म्हणजे नाईक. बांबळे, भांगरे, केंगले ही त्यातली काही घराणी.

या व्यवस्थेत एक गोष्ट पुन्हा पुन्हा घडायची. सरकारशी बिनसलं की नाईक बंड करायचा. बंड आवरलं नाही की सरकार त्याच्याशी तडजोड करायचं आणि त्याच मुलखाचा बंदोबस्त त्याच्याच हाती द्यायचं. अठराव्या शतकात जावजी बांबळे यांनी पेशव्यांविरुद्ध उठाव करून किल्ले ताब्यात घेतले होते. पुढे होळकरांच्या मध्यस्थीने समेट झाला आणि ६० गावांचा बंदोबस्त जावजींकडे आला. बंड आणि बंदोबस्त ही डोंगरात एकाच नाण्याची दोन बाजू होती. कोळी कोअर समजून घ्यायची तर हे आधी लक्षात ठेवावं लागतं.

किल्ले पडले, काम गेलं

१८१८ मध्ये पेशवाई संपली. डोंगरी किल्ले पुन्हा बंडखोरांच्या हाती पडू नयेत म्हणून इंग्रजांनी अनेक किल्ल्यांच्या वाटा आणि तटबंदी उद्ध्वस्त केल्या. किल्ला उरला नाही तिथे पहारेकरीही उरला नाही. जुने हक्क कमी झाले किंवा बंद पडले. सारा मात्र रोख भरायचा होता. रोकड सावकाराकडे होती, आणि सावकाराच्या वहीत एकदा नाव चढलं की जमीन सुटणं अवघड होतं.

१८२० च्या दशकाच्या अखेरीस या असंतोषाचा स्फोट झाला. त्या बंडाचे एक प्रमुख होते रामजी भांगरे. ते आधी इंग्रजांच्याच पोलिसांत जमादार होते. बंड मोडण्याच्या कामावर असलेल्या कॅप्टन मॅकिंटॉशने नंतर महादेव कोळ्यांवर सविस्तर लेखन केलं. या समाजाविषयीची सुरुवातीची बरीच लिखित माहिती अशी त्यांच्या पाठलागावर असलेल्या माणसाकडून आलेली आहे.

रामजींचे पुत्र राघोजी. जन्म अकोले तालुक्यातल्या देवगावचा. १८४४-४५ मध्ये त्यांनी सावकार आणि सरकार या दोघांविरुद्ध उठाव केला. त्यांच्या माणसांनी सावकारांची नाकं कापल्याच्या हकिगती त्या काळी गाजल्या. अनेक वर्षं हुलकावणी दिल्यावर जानेवारी १८४८ मध्ये लेफ्टनंट गेल याने त्यांना पंढरपुरात पकडलं. चार महिन्यांनी फाशी झाली.

याच गेलच्या जागी पुढे कॅप्टन नटॉल आला. राघोजींच्या भावाला गणवेश दिला तो याच नटॉलने.

१८५७: नांदूर शिंगोटेची गोळी

१८५७ च्या उन्हाळ्यात उत्तर भारतात शिपायांचा उठाव झाला. मुंबई इलाख्यातली फौज तिकडे आणि मध्य भारतात गुंतली. दख्खनच्या डोंगराळ भागात नियमित सैन्य कमी राहिलं.

त्याच वेळी अहमदनगर जिल्ह्यात भागोजी नाईक उभे राहिले. भागोजी भिल्ल समाजाचे आणि तेही आधी अहमदनगर पोलिसांत अधिकारी. १८५५ मध्ये दंगा आणि पोलिसांना अडथळा केल्याच्या आरोपावरून त्यांना एक वर्षाची शिक्षा झाली. सुटल्यावर चांगल्या वर्तणुकीचा जामीन मागण्यात आला. पुढे सरसकट सगळ्यांची हत्यारं काढून घेण्याचा हुकूम निघाला. भागोजींनी गाव सोडलं आणि पुणे-नाशिक रस्त्यालगतच्या भागात सुमारे ५० भिल्ल जमवले.

४ ऑक्टोबर १८५७ रोजी जिल्ह्याचा पोलीस सुपरिंटेंडेंट लेफ्टनंट हेन्री त्यांच्यावर चालून गेला. संगमनेर आणि सिन्नर यांच्या मध्ये नांदूर शिंगोटे गाव आहे. तिथल्या चकमकीत हेन्री आणि त्याची काही माणसं ठार झाली.

जिल्ह्याचा पोलीस प्रमुखच मारला गेल्याची बातमी वणव्यासारखी पसरली. राहुरी भागात पाथर्जी नाईक यांनी सुमारे १०० भिल्ल गोळा केले. हेन्रीच्या जागी आलेल्या मेजर पॉटिंजरने तो जमाव पांगवला, पण भागोजी हाती लागले नाहीत. जानेवारी १८५८ मध्ये अकोले तालुक्यातल्या समशेरपूरजवळ कर्नल मॅकनच्या तुकडीशी भिल्लांची मोठी चकमक झाली. त्यात लेफ्टनंट ग्रॅहम आणि चॅपमन हा मुलकी अधिकारी जखमी झाले.

एक खुलासा: या घटनांची काही ठिकाणं आज नाशिक जिल्ह्यात आहेत. नाशिक हा वेगळा जिल्हा १८६९ मध्ये झाला. त्याआधी सिन्नर, नाशिक हा भाग अहमदनगरच्या कारभारात येत होता. म्हणून पलटणीच्या नावात अहमदनगर आहे आणि तिच्या हालचाली मात्र थेट त्र्यंबकच्या डोंगरापर्यंत दिसतात.

पलटण कशी उभी राहिली?

साध्या पायदळाला या डोंगरात भागोजींचा माग काढणं जड जात होतं. मग सरकारने डोंगरातलीच माणसं घ्यायचं ठरवलं. हा प्रयोग नवा नव्हता. खानदेशात १८२५ मध्ये जेम्स औट्रमने भिल्लांचीच 'खानदेश भिल्ल कोअर' उभी केली होती. अहमदनगरमध्ये भिल्लांविरुद्ध कोळी निवडले गेले. कोळी हे भिल्लांचे पिढीजात प्रतिस्पर्धी आहेत, असा इंग्रज अधिकाऱ्यांचा हिशेब होता.

भरतीची पद्धत लक्षात घेण्यासारखी आहे. नटॉलने गावोगाव एकेकटे तरुण गोळा केले नाहीत. तो थेट कुळांच्या प्रमुखांशी बोलला. जो नाईक जितके जवान आणेल, त्या प्रमाणात त्याला हुद्दा आणि मान मिळेल असं वचन दिलं. बांबळे कुळाचे प्रमुख जावजी नाईक बांबळे पलटणीचे मुख्य झाले. पेशव्यांशी भांडून ६० गावांचा बंदोबस्त मिळवणाऱ्या जुन्या जावजींच्याच नावाचा आणि कुळाचा हा माणूस. राघोजींच्या भावाला अधिकारीपद मिळालं तेही याच पद्धतीत.

डिसेंबर १८५७ मध्ये १०० जवान मोहिमेसाठी तयार होते. सरकारी बंदुकांची वाट न पाहता ते आपापल्या तलवारी आणि बंदुका घेऊन आले होते. जानेवारी-फेब्रुवारी १८५८ मध्ये आणखी ११० जणांच्या भरतीचा हुकूम निघाला. थोड्याच काळात मंजूर संख्या ६०० झाली आणि पलटणीला कमांडंट आणि अ‍ॅडज्युटंट मिळाले. कवायत शिकवायला अहमदनगर पोलिसांतले उस्ताद आणले गेले.

हिरवा फेटा, वहाणा आणि पाठीवर सगळा संसार

या पलटणीचं बारकाईने केलेलं वर्णन १८८४ च्या अहमदनगर गॅझेटिअरमध्ये आहे. डोक्याला गडद हिरवा पिळाचा फेटा. अंगात गडद हिरव्या कापडाचा अंगरखा. खाली गडद तांबडं, गुडघ्यापर्यंतचं धोतर. पायात वहाणा. हाती संगीन लावलेली हलकी बंदूक आणि अंगावर काळ्या चामड्याचे पट्टे.

जंगलात लपून लढायचं तर हिरवा रंग सोयीचा. पण या पलटणीचं खरं बळ तिच्या चालीत होतं. त्या काळी फौज निघाली की मागे तंबू, बैल, सामानसुमान यांची लांब रांग असायची. कोळी कोअरकडे तंबू नव्हते आणि सामानाचा ताफाही नव्हता. प्रत्येक जवान आपलं सगळं सामान झोळीत आणि पाठीवरच्या पिशवीत घेऊन चालायचा. जेवण गटागटाने व्हायचं आणि वाटेत स्वयंपाकाची भांडी आपसांत वाटून घेतली जायची.

अशा तयारीने ते दिवसाला ३० ते ४० मैल, म्हणजे अंदाजे ४८ ते ६४ किलोमीटर अंतर कापत. तेही हत्यारं, दारूगोळा आणि शिधा अंगावर घेऊन, डोंगरवाटांनी. मुक्कामाला पोचल्यावर त्यांचं पहिलं काम बंदूक साफ करणं हे असे, अशीही नोंद आहे.

हे सगळं कौतुक इंग्रज अधिकाऱ्यांचं आहे, हे विसरून चालणार नाही. ज्या गॅझेटिअरने कोअरच्या जवानांना जन्मजात शिपाई ठरवलं, त्याच गॅझेटिअरच्या लेखी राघोजी हा नामचीन दरोडेखोर होता. समाज तोच, घराणंही तेच. बंदूक कुणाच्या बाजूने उचलली, यावर शब्द ठरत होता.

पेठ-हरसूल: समोरही कोळीच

कोळी विरुद्ध भिल्ल ही मांडणी किती अपुरी होती, हे पहिल्याच महिन्यात दिसलं.

५ डिसेंबर १८५७ च्या रात्री भिल्ल आणि ठाकर यांच्या जमावाने त्र्यंबकच्या सरकारी खजिन्यावर हल्ला केला. दुसऱ्या दिवशी हरसूलचा बाजार लुटला गेला. पेठ संस्थानात उठाव पेटला आणि त्यात मोठ्या संख्येने होते ते कोळीच. पेठच्या राजघराण्यातले भगवंतराव यांच्यावर उठावाला फूस दिल्याचा आरोप ठेवण्यात आला.

नवी कोरी कोळी पलटण या मोहिमेत उतरवली गेली. म्हणजे इंग्रजांच्या गणवेशातले कोळी एका बाजूला आणि सरकारविरुद्ध उठलेले कोळी दुसऱ्या बाजूला. उठाव मोडला. भगवंतरावांना आणि त्यांच्या काही साथीदारांना फाशी झाली.

तेव्हा १८५७ मध्ये महादेव कोळी समाज इंग्रजांच्या बाजूने होता, हे विधान चुकीचं ठरतं. तो इंग्रजांच्या विरोधात होता, हेही अर्धंच खरं. कोण कुठल्या खोऱ्यात राहतो, कोणाचा नाईक काय ठरवतो आणि कोणाला काय देऊ केलं गेलं, यावर बाजू ठरत होती.

अंभोरे दरा आणि भागोजींचा शेवट

भागोजी नाईक दोन वर्षं हाती लागले नाहीत. १८५९ मध्ये त्यांनी आणि हरजी नाईक यांनी पुन्हा उचल खाल्ली. ५ जुलै १८५९ रोजी कॅप्टन नटॉलने पायी आणि घोडेस्वार अशी छोटी तुकडी घेऊन संगमनेरच्या आग्नेयेला अंभोरे दऱ्यात त्यांना गाठलं. भिल्लांनी डोंगरात मोक्याची जागा धरली होती. या लढाईत भागोजींचे पुत्र यशवंत मारले गेले आणि हरजी नाईक पकडले गेले. भागोजी निसटले.

चार महिन्यांनी, ११ नोव्हेंबर १८५९ रोजी पोलीस सुपरिंटेंडेंट फ्रँक सूटर याने सिन्नर तालुक्यातल्या मिठसागरेजवळ भागोजींना घेरलं. भिल्ल अखेरपर्यंत लढले. भागोजी आणि त्यांचे बहुतेक साथीदार तिथेच पडले. हा सूटर पुढे मुंबईचा पोलीस कमिशनर झाला आणि १८८८ पर्यंत त्या पदावर राहिला.

काम संपलं, पलटण संपली

भागोजींच्या मृत्यूनंतर जिल्हा शांत झाला. तरीही नियमित फौजेची ठाणी मे १८६० पर्यंत ठेवली होती. ती उठल्यावर त्यांच्या जागी कोळी कोअरच्या तुकड्या बसवल्या गेल्या. सुमारे दहा महिने त्यांनी ही ठाणी सांभाळली.

मार्च १८६१ मध्ये पलटण मोडण्यात आली. थोड्या जणांना पोलिसांत घेतलं. बाकीचे सगळे पुन्हा शेतीकडे आणि मजुरीकडे वळले.

सव्वातीन वर्षं ज्यांच्या हाती सरकारी बंदूक होती, ते पुन्हा त्याच गावात, त्याच सावकाराच्या दारात आले. ज्या कारणांनी रामजी आणि राघोजी उठले होते, त्यातलं एकही कारण दूर झालेलं नव्हतं. महादेव कोळ्यांच्या नावाची पलटण पुन्हा उभी राहिली नाही.

बारा वर्षांनी याची किंमत कळली. १८७३ मध्ये पुण्याच्या पश्चिम डोंगरात होन्या केंगले उभे राहिले. पुन्हा महादेव कोळी, पुन्हा सावकार आणि पुन्हा कापलेली नाकं. १८७५ मध्ये पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखतं जाळली. ते दख्खनचे दंगे म्हणून ओळखले जातात. होन्या १८७६ मध्ये पकडले गेले. कोळ्यांना शिस्तीत घेतलं तेव्हा ते बंडात उतरण्याऐवजी बंड मोडायला उपयोगी पडले आणि कोअर उभारण्यातलं शहाणपण सिद्ध झालं, असं गॅझेटिअरनेच नंतर नोंदवलं. पण पलटण तोवर केव्हाच मोडलेली होती.

महत्त्वाच्या तारखा

- १८१८: पेशवाईचा अंत, डोंगरी किल्ल्यांवरची जुनी चाकरी संपण्यास सुरुवात
- १८२५: खानदेश भिल्ल कोअरची स्थापना
- १८२८-३०: महादेव कोळ्यांचं बंड, रामजी भांगरे यांचा सहभाग
- १८४४-४५: राघोजी भांगरे यांचा उठाव
- २ मे १८४८: राघोजींना ठाण्यात फाशी
- ४ ऑक्टोबर १८५७: नांदूर शिंगोटेची चकमक, लेफ्टनंट हेन्री ठार
- डिसेंबर १८५७: कोळी कोअरचे पहिले १०० जवान तयार, त्र्यंबक, हरसूल आणि पेठचे उठाव
- ५ जुलै १८५९: अंभोरे दऱ्याची लढाई
- ११ नोव्हेंबर १८५९: मिठसागरे येथे भागोजी नाईक यांचा मृत्यू
- मार्च १८६१: कोळी कोअरचं विसर्जन
- १८७३-७६: होन्या केंगले यांचं बंड

मग राघोजींचा भाऊ 'फितूर' होता का?

आजच्या सोशल मीडियावर हा प्रश्न असाच विचारला जाईल. एकट्या माणसाच्या मनात डोकावण्याऐवजी त्याच्या भोवतीची व्यवस्था पाहिली, तर चित्र स्पष्ट होतं.

रामजी भांगरे आधी पोलीस जमादार, मग बंडखोर. भागोजी नाईक आधी पोलीस अधिकारी, मग बंडखोर. राघोजींचा भाऊ बंडखोराच्या घरातला, मग पलटणीतला अधिकारी. तिघांचे रस्ते उलटसुलट दिसतात, पण ते एकाच चौकातून फुटलेले आहेत. डोंगरातल्या नाईक घराण्याला आपला जुना मान आणि पोट टिकवायला दोनच मार्ग उरले होते. एक सरकारी हुद्द्याचा आणि दुसरा बंडाचा. हुद्दा गेला की बंड, आणि बंड मोडलं की पुन्हा हुद्दा. पेशव्यांच्या काळात या चक्रातून नाईकाला गावांचा कायमचा बंदोबस्त तरी मिळायचा. इंग्रजांनी मात्र नऊ वर्षांपूर्वी ज्याला फासावर चढवलं त्याच्याच भावाच्या हाती गरजेपुरती बंदूक दिली आणि गरज संपल्यावर ती काढून घेतली.

राघोजी आणि भागोजी यांची नावं आज क्रांतिकारक म्हणून घेतली जातात आणि ते योग्यच आहे. त्याच वेळी अंभोरे दऱ्यात त्यांच्यातल्या एकाच्या मुलाला मारणाऱ्या पलटणीत दुसऱ्याच्या भावासारखी माणसं अधिकारी होती, हेही त्याच इतिहासाचं पान आहे. ते पान फाडलं तर बंडं का झाली हे कळतं, पण ती मोडली कशी गेली हे कळत नाही. ती मोडायला परक्या गोऱ्या फौजेची फारशी गरज पडली नाही. सरकारला फक्त एवढंच माहीत असावं लागलं की डोंगरात कोणत्या घराला कामाची गरज आहे.